या वेळी खरंच

रावपुऱ्यात गेल्या कित्येक वर्षांत एकही वाईट माणूस मेला नव्हता. याला कारण एकच, जनार्दन खारकर.

कुणी गेलं, की तिरडीचे बांबू यायच्या आधी घरचं कुणीतरी त्यांच्या जिन्यात हजर. "काका, पेपरात द्यायचंय." मग जनार्दनराव चष्मा पुसत, मांडीवर पाट घेत आणि त्या माणसाला शुद्ध गुजरातीत स्वर्गवासी करून देत. बडोद्याची वर्तमानपत्रं गुजराती, मरणारे मराठी, आणि दोन्हीकडचं व्याकरण पक्कं असलेला माणूस हा एवढाच. त्यांच्या लेखणीखालून गेलेला प्रत्येक जण मनमिळाऊ गेला, निगर्वी गेला, परोपकारी गेला. मोहनराव दिघ्यांनी शेजाऱ्याला आपलं वाचून झालेलं वर्तमानपत्रसुद्धा कधी दिलं नव्हतं, तेही परोपकारी गेले, आणि शेजाऱ्याला ते दुसऱ्या दिवशी स्वतःचं वर्तमानपत्र विकत घेऊन वाचावं लागलं.

आता मात्र जनार्दनराव थकले होते. गुडघे थकले होते, एका डोळ्यात मोतीबिंदू पिकत होता. पण सगळ्यात जास्त थकले होते ते शब्द. धुऊन धुऊन विरलेल्या पंच्यासारखे झाले होते. अंग पुसायला घ्यावा तर पाणी टिपत नाही, नुसतं इकडचं तिकडे फिरवतो. माणसंही राहिली नव्हती फारशी. कुणी तरसालीला, कुणी पुण्याला, कुणाची मुलं अमेरिकेला. दर महिन्याला एक घर मनमिळाऊ होऊन कमी होत होतं. सून ऋचा म्हणायची, "बाबा, आता नाही म्हणायला शिका ना." पण मेलेल्याला नाही कसं म्हणणार?

या सगळ्याच्या उलट संपतराव इंगळे.

संपतरावांचे पणजोबा संस्थानच्या पलटणीत होते आणि संपतराव कारखान्यात फिटर होते, पण त्यांचा खरा धंदा थापा. थापासुद्धा साध्या नव्हेत. एकदा पुरात काळ्या घोड्याच्या पुलावरून त्यांची एक चप्पल विश्वामित्रीत पडली. दुसऱ्या दिवशी ते काठाकाठाने जात असताना पाण्यातून मगर वर आली, चप्पल तोंडात धरून, आणि अदबीने काठावर ठेवून गेली. का? "अरे, एका चपलेचं ती करणार काय? दोन पडल्या असत्या तर नसती दिली." दुसरी गोष्ट हत्तीची. दिवाळीच्या बाजारात संस्थानचा हत्ती लहरीपुऱ्याच्या दरवाजात अडकला. पुढे गर्दी, मागे गर्दी. माहूत रडकुंडीला आला. तेव्हा संपतरावांच्या आजोबांनी बटाट्याच्या ओलसर लिलो चेवड्याचा पुडा हत्तीला लांबून दाखवला, आणि हत्ती पोट आत ओढून बाहेर आला.

प्रत्येक गोष्टीच्या शेवटी संपतराव हात वर करून म्हणत, "खोटं वाटत असेल तर जनार्दनला विचारा. तिथेच होता."

आणि प्रत्येक वेळी जनार्दनराव म्हणत, "मला काही माहीत नाही." हे चाळीस वर्षं चाललं होतं.

मग कारखान्याने संपतरावांना स्वेच्छानिवृत्ती दिली. यातली इच्छा कारखान्याची असते, हे नव्वदीनंतर सगळ्या बडोद्याला समजलं होतं. मुलाने, आनंदने, शहराच्या टोकाला तरसालीला बैठं टेनामेंट घेतलं आणि संपतराव रावपुरा सोडून तिकडे गेले. तिथे ऐकायला कुणी नाही. शेजारी दार लावून केबल बघणारे. "या रे कधीतरी" म्हणून निरोप पाठवून पाठवून माणूस कंटाळला. शेवटी एके दिवशी वर्तमानपत्रात रीतसर फोटोसकट आलं: संपतराव इंगळे स्वर्गवासी थया छे, बेसणं अमुक दिवशी, तरसालीला.

बेसणं ही गुजरात्यांची रीत. पांढरे कपडे घालून जायचं, फोटोला हात जोडायचे, सतरंजीवर पाच मिनिटं गप्प बसायचं आणि निघायचं. बडोद्याच्या मराठी घरांनी ती केव्हाच उचललेली. झाडून सगळा रावपुरा गेला. सगळ्यांत पुढे जनार्दनराव, हातात हार, डोळ्यांत पाणी. बघतात तर दारात संपतराव स्वतः, पांढराशुभ्र झब्बा घालून!

"हार आणलास? ये, घाल," म्हणाले, आणि मान पुढे केली. "मेल्यावर तुम्ही येणारच होतात रे. पण मग तुमच्याशी बोलणार कोण? म्हणून म्हटलं, आत्ताच या. बसा, सेव-उसळ केलीय."

लोक आधी चिडले, मग हसले, मग तीन-तीनदा रस्सा मागून सेव-उसळ खाल्ली. जनार्दनरावांनी मात्र हार तिथेच पायरीवर ठेवला आणि रिक्षा केली. त्यानंतर दोघांत बोलणं राहिलं, पण आधीचं नाही.

हे दोन-तीन वर्षांपूर्वीचं. आता एका रविवारी सकाळी फोन वाजला. आनंद होता. "काका, बाबा गेले."

"बरं," जनार्दनराव म्हणाले. "या वेळी उसळीत तिखट बेतानं घाला म्हणावं." आणि फोन ठेवून चहा प्यायले.

"कोण होतं बाबा?" ऋचाने विचारलं.

"संपतराव. मेले पुन्हा."

मंगळवारी वर्तमानपत्रात आलंच. फोटो तोच, फेटा बांधून हसणारा. आणि खाली गुजरातीत छापलेलं: 'गप्पी संपतराव इंगळे स्वर्गवासी थया छे.' गुजरातीत गप्पी म्हणजे थापाड्या. खालच्या मजल्यावरचे बाळकृष्णपंत पेपर नाचवतच वर आले.

"बघितलंत? या वेळी तर सही करून मेलाय!"

दोघे पोटभर हसले. जनार्दनरावांना तर बरंच वाटलं, की माणूस निदान स्वतःबद्दल खरं लिहायला शिकला.

दुपारी ऋचा गॅलरीतून आत आली. "बाबा, खाली कुणीतरी बाई आहेत. वर या म्हटलं तर येत नाहीत."

जनार्दनरावांनी वाकून पाहिलं. आनंदच्या स्कूटरशेजारी मथुराबाई उभ्या होत्या, संपतरावांच्या पत्नी. कपाळ मोकळं. पदर दोन्ही खांद्यांवरून घट्ट ओढलेला.

ते जिना उतरले. नेहमीपेक्षा जास्त वेळ लागला.

"वहिनी, वर चला."

"सुतक आहे, भावोजी."

तेवढ्या तीन शब्दांत सगळं कळलं. सुतकात घराबाहेर पडलेली बाई. तीही मथुराबाई, जिने नवऱ्याच्या थापांचं कर्ज फेडावं तसं आयुष्यभर एक खोटा शब्द तोंडातून काढला नाही. जनार्दनरावांनी कठडा धरला.

"आनंदनं फोन केला होता तुम्हाला," त्या म्हणाल्या. आवाजात राग असता तर बरं झालं असतं.

"हो."

"सगळ्यांना केले त्यानं. सगळे हसले. एक जण म्हणाला, बापाला सांग, या वेळी श्रीखंड ठेव. खांद्याला चौथा माणूस नव्हता, भावोजी. सोसायटीचा वॉचमन आला. नेपाळी आहे. त्यानं टोपी काढून खिशात घातली आणि खांदा दिला."

आनंद स्कूटरच्या आरशाकडे बघत होता. एका फायनान्स कंपनीत तो चांगल्या हुद्द्यावर होता, टाय लावायचा. आज मात्र दाढी वाढलेली. "पेपरवाल्यांनी घोळ केला काका. आई म्हणाली, गप्पिष्ट होते असं घाल. मी मराठीत लिहून दिलं. त्यांनी गप्पी केलं."

"मी आपलं चांगल्या अर्थानं सांगितलं," मथुराबाई म्हणाल्या. "त्यांना बोलायला माणूस लागायचा, असं." मग जनार्दनरावांकडे वळून, "गुरुवारी बेसणं आहे. ज्याला दोन घटका एकट्यानं बसवत नव्हतं, त्याच्या फोटोपुढे रिकामी सतरंजी घालून मी बसू? लोक येईनात म्हणून जिवंतपणी मेल्याचं सोंग केलं त्यांनी. आता खरंच गेलेत, तर कुणी यायला तयार नाही. तुम्ही लिहा. लोकांना खरं वाटेल असं लिहा."

"साधंच लिहा हं काका," आनंद घाईने म्हणाला. "ऑफिसातून शाहसाहेब येणार आहेत. धर्मपरायण, शांत स्वभावाचे, असं काहीतरी."

"कोण धर्मपरायण?" मथुराबाईंनी मुलाकडे पाहिलं. "एकादशीला कांदाभजी खायची, आणि वर म्हणायचं, कांदा जमिनीखाली असतो, देवाला दिसत नाही. तो?"

पाणीसुद्धा न घेता त्या स्कूटरवर बसल्या आणि गेल्या.

जनार्दनरावांनी पाट मांडीवर घेतला. 'मनमिळाऊ' लिहिलं, आणि डोळ्यांपुढे बाळकृष्णपंत पुन्हा पेपर नाचवत वर येताना दिसले. खोडलं. 'सत्यवचनी' लिहिण्याची तर सोयच नव्हती, सगळा रावपुरा सेव-उसळ खायला डबे घेऊन निघाला असता. एकेक शब्द ते काढून बघत होते आणि परत ठेवत होते. इतकी वर्षं या शब्दांवर कुणी शंका घेतली नाही, असं त्यांना वाटत आलं होतं. आज कळलं, कुणी विश्वासही ठेवला नव्हता. लोक नाव वाचत, बेसण्याची वेळ वाचत, आणि मधलं ओलांडून जात, गटार ओलांडावं तसं.

भिंतीवर मंदाकिनीचा फोटो होता. त्यांची पत्नी. तिचीही श्रद्धांजली त्यांनीच लिहिली होती: प्रेमळ, धर्मपरायण, सुगृहिणी. शोकसंतप्त खारकर परिवार. त्या मजकुरात फोटो बदलला असता तर कुणाच्याही बायकोला चालला असता. पण मंदाकिनी म्हटलं की त्यांना आठवायचं ते इस्पितळातलं. पोटाला टाके घातलेले, आणि पाळी संपवून तेलकट कपड्यांत आलेला संपतराव स्टुलावर बसून हत्तीने पोट आत कसं ओढलं ते स्वतःचं पोट आत ओढून दाखवतोय. मंदाकिनी टाके धरून हसतेय. "पुरे हो, पुरे, उसवतील!" जनार्दनराव तेव्हा औषधं आणायला गेले होते, दारात येऊन थबकले. आत गेलो तर हसणं थांबेल म्हणून बाहेरच उभे राहिले. ती शेवटची हसली ती तेव्हा. त्यांच्या श्रद्धांजलीत यातलं काही आलं नव्हतं.

रावपुऱ्यातलं कुणीही आजारी पडलं, की संपतराव त्या स्टुलावर असायचा. औषध द्यायला नाही, फळं आणायला नाही. मगर घेऊन यायचा, हत्ती घेऊन यायचा.

त्यांनी नवा कागद घेतला.

वर्तमानपत्राच्या कचेरीत आता काच होती, गारवा होता, आणि काचेमागे कॉम्प्युटरवर भक्ती नावाची मुलगी. तिने मजकूर वाचला आणि मान वर केली.

"काका, आवुं न छपाय. इथे नाव, तारीख, स्थळ, एवढंच येतं."

"मागच्या वेळी तुम्हीच गप्पी छापलंत ना?"

भक्ती ओशाळली. "गप्पिष्टनुं गुजराती शुं थाय, काका? मला नाही सुचलं. मी शेजारी विचारलं, ते म्हणाले गप्पी."

जनार्दनरावांनी विचार केला. दोन्ही भाषांचं व्याकरण पक्कं असलेला बडोद्यातला एकमेव माणूस, पण त्यांनाही सुचेना. "तुमची चूक नाही, बेन," ते शेवटी म्हणाले. "माणूस दोन्ही होता. पण त्याच्या बायकोला लोक हवेत. हे असंच छापा."

तिने पुन्हा वाचलं. ओठ दाबून. मग आत जाऊन कुणाशी तरी वाद घालून आली आणि टाइप करायला बसली. मध्येच थांबली. "काका, पेली मगरवाळी वात साची छे? खरंच?"

चाळीस वर्षांचं उत्तर जिभेवर आलं. "तुम्ही छापा," एवढंच म्हणून ते उठले.

बुधवारी सकाळी बडोद्याने चहाबरोबर वाचलं ते गुजरातीत, पण आपण आपल्या भाषेत वाचू:

'संपतराव इंगळे वारले. या वेळी खरंच वारले.

विश्वामित्रीतल्या मगरीने आपली डाव्या पायाची चप्पल परत आणून दिली, असं ते सांगत. लहरीपुऱ्यात अडकलेला हत्ती आजोबांनी चेवडा दाखवून सोडवला, असं सांगत. रावपुऱ्यातल्या प्रत्येक आजारी माणसाच्या उशाशी ते बसले, हे मात्र ते कधी सांगत नसत, म्हणून आम्ही सांगतो. ज्यांना त्यांनी टाके उसवेपर्यंत हसवलं, त्यांतले बरेच जण आता साक्षीला नाहीत.

काल यांना गप्पी म्हटलं गेलं. गुजरातीत गप्पा म्हणजे थापा. मराठीत गप्पा म्हणजे दोन माणसं एकत्र बसली की जे होतं ते. यांच्याकडे दोन्ही एकाच भावात मिळत.

बेसणं गुरुवारी दुपारी, तरसालीला, त्यांच्या घरी. सेव-उसळ मिळणार नाही.

खोटं वाटत असेल तर जनार्दनला विचारा.'

विचारायला पहिले आले ते बाळकृष्णपंत. आज पेपर नाचत नव्हता. "जनार्दनराव, खरं?"

"खरं."

बाळकृष्णपंत खुर्चीत बसले. "आनंदला मीच म्हणालो हो. श्रीखंडाचं."

मग फोन सुरू झाला. दिवसभर ऋचा उचलायची आणि त्यांच्या हातात द्यायची. खरं? खरं. साची वात? साची वात. जिन्यात माणसं येत होती. दूधवाला थांबला, लहरीपुऱ्यातला चेवडेवाला स्वतः आला. आयुष्यभर ज्याची साक्ष द्यायचं नाकारलं, त्याची एका दिवसात इतकी साक्ष द्यावी लागली, की संध्याकाळी जनार्दनरावांचा घसा बसला आणि ते न जेवताच आडवे झाले.

गुरुवारी तरसालीला स्कूटर लावायला जागा उरली नाही. लोक आले, पण दबकत आले. दारापाशी थांबून आधी डोकावून बघायचे, झब्बा घातलेलं कुणी उभं नाही ना. एकाने तर स्वयंपाकघराच्या दिशेने हळूच नाक वर करून वास घेतला. वास उदबत्तीचा होता. मग मात्र त्याचा चेहरा पडला आणि तो चपला काढून आत आला. कोपऱ्यात नेपाळी वॉचमन टोपी हातात धरून बसला होता. बाळकृष्णपंत त्याच्या शेजारी जाऊन बसले.

सतरंजी भरली, ओटा भरला, माणसं पायऱ्यांवर बसली. मथुराबाई फोटोच्या बाजूला बसल्या होत्या. जनार्दनरावांना वाटलं, झालं आपलं काम. आता भिंतीला पाठ टेकून डोळे मिटावेत.

पण बेसणं म्हणजे बेसणं. कुणी बोलेना. पंख्याचा आवाज तेवढा. लोक फोटोकडे बघत, हात जोडत, घड्याळ बघत. पाच मिनिटं झाली की पुढची रांग उठणार, आणि मग सगळेच उठणार. फेट्यातला संपतराव हसऱ्या तोंडाने या भरल्या घराकडे बघत होता, आणि त्याच्याशी कुणी एक शब्द बोलत नव्हतं. मथुराबाई मांडीवरच्या स्वतःच्या हातांकडे बघत होत्या. माणसं मिळाली होती. पण त्याला एवढंच हवं होतं का?

पुढच्या रांगेत टाय लावलेले आनंदचे शाहसाहेब बसले होते. त्यांनी खिशातून पेपराचं कात्रण काढलं, घसा खाकरला. आनंदचा चेहरा पांढरा पडला.

"माफ करजो," शाहसाहेब हळूच म्हणाले. "आमां लख्युं छे, जनार्दनने पूछो. जनार्दनभाई कोण?"

सगळ्या माना वळल्या.

"हुं. मीच," जनार्दनराव म्हणाले.

"पेली मगरनी वात. साची?"

पंखा फिरत होता. इतकी माणसं आपल्याकडे बघताहेत, आणि आपण किती दमलोय, एवढंच जनार्दनरावांना जाणवलं. 'मला काही माहीत नाही' म्हणायला काही कष्ट नव्हते. ते म्हटलं की सगळे उठतील, रिक्षा मिळेल, घरी जाऊन पडता येईल.

"साची," ते म्हणाले. "मी तिथेच होतो."

बाळकृष्णपंतांनी तोंड उघडलं ते तसंच राहिलं.

"फक्त छापताना एक चूक झाली," जनार्दनराव बसलेल्या घशाने पुढे म्हणाले. "चप्पल डाव्या पायाची नव्हती. उजव्या पायाची होती."

कुणीतरी फिसकन हसलं आणि लगेच तोंडावर हात ठेवला. आता काय होतं म्हणून सगळ्यांनी घाबरून मथुराबाईंकडे पाहिलं. त्या बाईने आयुष्यात एक खोटा शब्द काढला नव्हता. त्यांनी मान वर केली.

"अंगठा तुटला होता तिचा," त्या म्हणाल्या. "मोच्याकडे मीच नेली होती. दात लागले होते ना."

मग मात्र घर हसलं. सुतकाचं घर, फोटोपुढे उदबत्ती, आणि माणसं टाके धरल्यासारखी पोट धरून हसत होती. आनंद आधी साहेबांकडे बघत होता, साहेब डोळे पुसताहेत हे बघून तोही हसायला लागला आणि मग त्याला रडू आवरेना. वॉचमनला शेजाऱ्याने हिंदीत सगळं पहिल्यापासून सांगायला घेतलं. पुढची रांग उठली नाही. उलट मागची माणसं पुढे सरकली.

जनार्दनरावांनी भिंतीला डोकं टेकलं. डोळे मिटणार तोच पायऱ्यांवरून कुणीतरी ओरडून विचारलं, "अने हाथी, काका? हाथीनुं शुं थयुं?"

त्यांनी एक सुस्कारा सोडला. गुडघा दुखत होता, तो लांब केला.

"हत्तीचं लांबलचक आहे," ते म्हणाले. "आधी पाणी आणा."